ज्येष्ठता गेली, सेवा गेली नाही : आंतरजिल्हा बदलीनंतर अडकलेली पदोन्नती

भाऊ, आधी तुमचा प्रश्न थोडक्यात मांडतो, म्हणजे बाकीच्या वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. २००८ मध्ये तुम्ही मुंबई पोलीस दलात शिपाई म्हणून लागलात. जुलै २०१५ मध्ये विनंती अर्जावर आंतरजिल्हा बदली होऊन जळगाव जिल्हा पोलीस दलात हजर झालात. १४ मार्च २०२५ ला हवालदार पदोन्नतीचा आदेश निघाला. त्यात जळगावला २०१० मध्ये भरती झालेल्यांची नावं आहेत. शिवाय ठाण्याहून तुमच्यानंतर पाच महिन्यांनी बदलून आलेल्या एकाचंही आहे. तुमचं नाही. १० एप्रिलला अर्ज दिलात, मग आणखी तीन. लेखी उत्तर एकाचंही नाही, आस्थापना शाखेतून तोंडी एवढंच कळलं की 'या घटकातली सेवा कमी पडते' (घटक म्हणजे एकेका जिल्ह्याचं किंवा शहराचं पोलीस दल). आता हायकोर्टात रिट टाकू का, आणि शेवटी तुमच्याच शब्दांत, 'आते काय करानं?'

रिट नको. राज्य सरकारी नोकराच्या सेवेविषयीचा वाद पहिल्यांदा महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्येच जातो. चंद्रकुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये हे स्पष्ट केलं: मॅटच्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे दोन न्यायमूर्तींपुढे जाता येतं, पण मॅटला वळसा घालून थेट नाही. रिट दाखल केलीत तर 'तुम्हाला पर्यायी मार्ग आहे' एवढ्यावर ती परत येईल आणि मधले महिने फुकट जातील. जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांचं काम मॅटच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठाकडे आहे. आपले लोक अजून 'औरंगाबाद मॅट' म्हणतात, तेच ते. जळगावकराने अजिंठ्याचा घाट चढायचा, धुळेकराने कन्नडचा. परिक्षेत्र नाशिकचं म्हणून नाशिककडे किंवा मुंबईकडे बघत बसू नका.

आता मूळ दुखण्याकडे. 'कनिष्ठ पुढे गेला' या एका वाक्यात तुम्ही दोन वेगळ्या तक्रारी कालवल्या आहेत. एक ज्येष्ठतेची, दुसरी पात्रतेची. पहिलीत तुमची बाजू कच्ची आहे. दुसरीत ती पक्की असू शकते, आणि गंमत म्हणजे चारही अर्जांत तुम्ही पहिलीवरच भर दिलाय.

शिपायापासून सहायक फौजदारापर्यंतची ज्येष्ठता यादी घटकाची असते, राज्याची नाही. सारंगखेड्याच्या यात्रेत दोंडाईचा आणि शहादा ठाण्याचे शिपाई शेजारी उभे राहतील, पण एकाची यादी धुळ्याच्या अधीक्षक कार्यालयात आणि दुसऱ्याची नंदुरबारच्या. फौजदारकीपासून पुढे यादी राज्याची होते. त्यामुळे स्वतःच्या विनंतीवरून घटक बदलला की नव्या घटकात हजर झाल्याच्या तारखेला तिथल्या शेवटच्या शिपायाच्या खाली नाव लागतं. यामागचं तर्कशास्त्र सरळ आहे: तुमच्या सोयीसाठी तुम्ही आलात, तर आधीपासून रांगेत उभ्या असलेल्यांना तुम्ही मागे ढकलू शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने ही भूमिका वारंवार घेतली आहे, केरळच्या सुधाकरन प्रकरणातही (२००६) तेच आहे. तेव्हा २०१० च्या जळगाव बॅचचे लोक यादीत तुमच्या वर आहेत ते नियमानेच. तुम्ही २००८ चे असलात तरी या यादीत तुमचा जन्म जुलै २०१५ चा.

मात्र हे सगळं 'विनंतीवरून' या शब्दावर उभं आहे, म्हणून बदली आदेश काढून अटींचा परिच्छेद नीट वाचा. 'प्रवास भत्ता व पदग्रहण अवधी अनुज्ञेय राहणार नाही' आणि 'ज्येष्ठता नवीन घटकात रुजू झाल्याच्या दिनांकापासून' अशी वाक्यं असतील तर ती विनंती बदलीच. सोबत तुम्ही सही केलेलं हमीपत्रही असेल. उलट आदेशात 'प्रशासकीय कारणास्तव' असेल, प्रवास भत्ता मिळाला असेल, तर मूळ ज्येष्ठता जात नाही. आपसी बदलीत आदेशात काय अट घातली आहे यावर बरंच ठरतं. आदेश हरवला असेल तर सेवापुस्तिकेत त्या तारखेची नोंद बघा. कारकुनाने तिथे आदेशाचा क्रमांक आणि बदलीचा प्रकार लिहिलेला असतो. धुळ्याच्या राज्य राखीव दलाच्या गट ६ मधून जिल्हा दलात आलेल्यांनीही हेच तपासायचं.

ठाण्याहून आलेल्या सहकाऱ्याची गोष्ट वेगळी, आणि तुमच्या प्रश्नातली सगळ्यात कामाची ओळ तीच. तोही विनंतीवरून आला असेल तर पाच महिने उशिरा आल्यामुळे तो तुमच्या खालीच असायला हवा. त्याची घटकातली सेवा तुमच्यापेक्षा कमी. तरीही तो पात्र आणि तुम्ही अपात्र, हे कसं? कारणं तीनच संभवतात. त्याची बदली प्रशासकीय होती. किंवा यादीत हजर दिनांक चुकलाय, त्याचा किंवा तुमचा. किंवा त्याची ठाण्याची सेवा धरली आणि तुमची मुंबईची धरली नाही. तिसरं कारण निघालं तर तुमच्या हातात खरा मुद्दा आला. पण हे कागदावरून ठरतं, चहाच्या टपरीवरच्या माहितीवरून नाही.

आता पात्रता. पदोन्नतीच्या नियमात खालच्या पदावर अमुक वर्षं नियमित सेवा, अशी अट असते. ही अट अनुभवाची आहे, रांगेतल्या जागेची नाही. मुंबईत सात वर्षं तुम्ही पंचनामे केलेत, समन्स बजावलेत, रात्रपाळ्या केल्यात, तो अनुभव कसारा घाट चढला म्हणून पुसला जात नाही. रेणू मलिक (१९९४), पोन्नप्पन (१९९६) आणि जोसेफ (१९९८) या तिन्ही प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं: विनंती बदलीने ज्येष्ठता जाते, पण आधीची सेवा पात्रतेसाठी मोजावी लागते. द्विजेन चंद्र सरकार प्रकरणात (१९९९) कालबद्ध पदोन्नतीसाठीही तसंच धरलं. म्हणून आश्वासित प्रगती योजनेचा, म्हणजे पदोन्नती नसली तरी १०-२०-३० वर्षांनी मिळणाऱ्या वरच्या वेतनाचा, लाभ तुम्हाला २००८ पासून मोजूनच मिळायला हवा. तो मिळालाय का, कोणत्या तारखेपासून, हेही बघून घ्या. मिळाला असेल तर तुमच्याच कार्यालयाने एका फायलीत मुंबईची सेवा मान्य केली आणि दुसऱ्या फायलीत नाकारली, हे दाखवायला त्याच्यासारखा पुरावा नाही.

एक अडचण आहे आणि ती लपवण्यात अर्थ नाही. सेवाप्रवेश नियमातच 'त्या घटकातील' सेवा असा शब्द असेल, तर वरचे निकाल आपोआप लागू होत नाहीत. मग नियमालाच आव्हान द्यावं लागतं आणि ते काम बरंच जड आहे. पण नुसत्या परिपत्रकात किंवा शाखेच्या प्रथेत तसं असेल तर नियम वरचढ ठरतो. म्हणून 'घटकातली सेवा कमी' हे कुठे लिहिलंय ते आधी शोधा. कोणत्या तारखेचा नियम बघायचा, यावरही लोक जुनं धरून बसतात. पूर्वी रंगय्या निकालाच्या (१९८३) आधारावर 'जागा रिकामी झाली तेव्हाचा नियम' असं सांगितलं जायचं. मे २०२२ मध्ये राजकुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल मोडीत काढला. आता पदोन्नतीचा विचार होताना जे नियम लागू आहेत ते बघितले जातात. तुमचा वकील अजून रंगय्या दाखवत असेल तर त्याला हे नम्रपणे सांगा.

कागद मिळवायचे ते माहिती अधिकारातून. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे, त्यामुळे सगळी गाऱ्हाणी एकाच अर्जात कोंबलीत तर तो परत येतो. तीन वेगळे अर्ज करा, प्रत्येकावर १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प. पहिल्यात १ जानेवारी २०१६ पासून दर वर्षाची शिपाई संवर्गाची तात्पुरती आणि अंतिम ज्येष्ठता यादी, ती प्रसिद्ध केल्याच्या परिपत्रकासह. दुसऱ्यात १४ मार्च २०२५ च्या आदेशामागच्या पदोन्नती समितीच्या बैठकीचं इतिवृत्त, विचारक्षेत्रातल्या, म्हणजे पदोन्नतीसाठी ज्यांची नावं विचारात घेतली त्या, कर्मचाऱ्यांचा तक्ता, आणि तुमच्या नावापुढचा शेरा. तिसऱ्यात ज्या नियमाच्या किंवा परिपत्रकाच्या आधारे घटकातली सेवा मोजली त्याची प्रत. 'माझ्यावर अन्याय का झाला' असा प्रश्न विचारू नका. माहिती अधिकारी दस्तऐवज देतो, खुलासे देत नाही. सहकाऱ्याचा गोपनीय अहवाल किंवा सेवापुस्तिका मागू नका, २०१२ च्या गिरीश देशपांडे निकालाचा हवाला देऊन ती वैयक्तिक माहिती म्हणून नाकारली जाते आणि त्याच वेळी बाकीचाही अर्ज रेंगाळतो. त्याची बदली कोणत्या प्रकारची होती हे बदली आदेशावरून कळतं, तो मागा. ३० दिवसांत उत्तर आलं नाही तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील.

त्या तक्त्यातला तुमच्या नावापुढचा शेरा हा या प्रकरणाचा कणा आहे. रकाना साधारण 'अपात्र असल्यास कारण' असा असतो. तिथे 'सेवा अपूर्ण' लिहिलंय, की 'गोपनीय अहवाल प्रतवारी कमी', की 'शिक्षा', की तुमचं नाव विचारक्षेत्रातच नव्हतं, यावर पुढची सगळी लढाई ठरते. तोंडी एक आणि कागदावर दुसरंच, हे इतकं नेहमीचं आहे की तोंडी कारणावर अर्ज बेतणं म्हणजे अंधारात लाठी फिरवणं.

शेरा गोपनीय अहवालाचा निघाला तर बघा की तो अहवाल तुम्हाला कधी कळवला होता का. देव दत्त (२००८) आणि नंतर सुखदेव सिंग (२०१३) निकालांनुसार प्रत्येक नोंद कळवणं बंधनकारक आहे, फक्त प्रतिकूलच नाही. 'ब' प्रतवारी कळवलीच नाही आणि तिच्याच आधारे डावललं, तर आधी अभिवेदनाची (लेखी म्हणणं मांडायची) संधी आणि मग फेरविचार, असा आदेश मिळू शकतो. शेरा शिक्षेचा असेल तर तुम्ही उल्लेख केलेली २०२२ ची 'ताकीद' नेमकी कसली ते बघावं लागेल. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम २५ खाली कारणे दाखवा नोटीस देऊन केलेली शिक्षा वेगळी आणि पोलीस ठाण्याच्या प्रभारींनी दिलेली लेखी समज वेगळी. दुसरी शिक्षा नव्हेच. सेवापटात ती शिक्षेच्या रकान्यात चढली असेल तर दुरुस्तीचा स्वतंत्र अर्ज द्या. चौकशी प्रलंबित म्हणून सीलबंद पाकिटात समितीचा निष्कर्ष (चौकशी संपेपर्यंत न उघडता) ठेवल्याचं दिसलं, तर दोषारोपपत्र बजावल्याची तारीख आणि समितीच्या बैठकीची तारीख शेजारी ठेवा. जानकीरामन निकालापासून (१९९१) नियम असा की दोषारोपपत्र बजावलेलं नसेल तर नुसती प्राथमिक चौकशी चालू आहे म्हणून कोणाला थांबवता येत नाही. राज्याचा १५ डिसेंबर २०१७ चा शासन निर्णय यावरच आहे, आणि चौकशी रखडली तर दोन वर्षांनंतर तदर्थ (तात्पुरत्या) पदोन्नतीचा विचारही त्यात सांगितलेला आहे.

आरक्षणाच्या बिंदूमुळे, म्हणजे राखीव ठरलेल्या जागेमुळे, कुणी पुढे गेलं का, असंही तुम्ही विचारलंय. पदोन्नतीतल्या आरक्षणाचा २५ मे २००४ चा शासन निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ ला रद्द ठरवला, त्यावर राज्य सर्वोच्च न्यायालयात गेलं. ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने पदोन्नतीच्या सगळ्या जागा ज्येष्ठतेने भरायचं ठरवलं, सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाच्या अधीन राहून. तुमच्या आदेशाच्या वरच्या 'संदर्भ' मध्ये याचा क्रमांक असेल. हा विषय किती अंगावर येऊ शकतो ते २०१८ मध्ये दिसलं: नाशिकच्या अकादमीत फौजदारकीचं प्रशिक्षण पूर्ण केलेल्या १५४ जणांना मॅटच्या आदेशानंतर मूळ पदावर परत जावं लागलं होतं. तुमच्या प्रकरणात मात्र हा धागा ओढायचं कारण मला दिसत नाही. जिंकता येण्याजोगा मुद्दा हातात असताना राज्यभराचा वाद अंगावर घेऊ नये.

मुदतीचं गणित सगळ्यात महत्त्वाचं आणि सगळ्यात जास्त घोळ इथेच होतो. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम २१ प्रमाणे अंतिम आदेशापासून एक वर्ष. नियमाने उपलब्ध असलेलं अपील किंवा अभिवेदन दिलं आणि सहा महिन्यांत उत्तर आलं नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. तुमच्या तारखा घालून बघू. १० एप्रिल २०२५ चं अभिवेदन धरलं तर सहा महिने १० ऑक्टोबर २०२५ ला संपतात आणि वर्ष १० ऑक्टोबर २०२६ पर्यंत जातं. पण सरकारी पक्ष म्हणणार की हे अभिवेदन कुठल्याही सेवानियमाखालचं नव्हतं, तेव्हा मुदत १४ मार्च २०२५ च्या आदेशापासूनच मोजा. म्हणून सुरक्षित तारीख मार्च २०२६ ची. ती ओलांडली असेल तर मूळ अर्जासोबत विलंब माफीचा वेगळा अर्ज लागतो, आणि त्यात प्रत्येक महिन्याचा हिशेब द्यावा लागतो. 'कार्यालयात चकरा मारत होतो' हे पुरत नाही. एप्रिलनंतरच्या तीन अर्जांचा मुदतीला काडीचा उपयोग नाही. जेकब प्रकरणात (२००८) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की उशिरा दिलेल्या अर्जाला नंतर उत्तर मिळालं तरी मेलेला दावा जिवंत होत नाही.

याच कारणाने २०१५ च्या ज्येष्ठता क्रमाला आता हात लावू नका. त्याला दहा वर्षं होऊन गेली, मधल्या प्रत्येक यादीवर तुम्ही हरकत घेतली नाही, आणि त्या क्रमावर इतरांच्या पदोन्नत्या झाल्या. पदोन्नतीचा वाद फार तर सहा महिने ते वर्षात मांडावा, असं सदाशिवस्वामी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने फार पूर्वीच म्हटलंय. पगार दर महिन्याला कमी मिळतो तशी ही 'चालू' तक्रार नाही, कारण इथे दुसऱ्याचा हक्क आड येतो. अपवाद फक्त उघड कारकुनी चुकीचा: हजर दिनांक चुकला असेल तर ती दुरुस्ती मागता येते, पण तीही आत्ताच.

अर्ज कसा मांडायचा यावर निम्मा निकाल अवलंबून असतो. 'अमक्याची पदोन्नती रद्द करा' ही मागणी टाळा. ती केलीत की त्या प्रत्येकाला प्रतिवादी करावं लागतं, नोटिसा बजावण्यातच तारखा जातात, आणि उद्या ज्याच्यासोबत गस्त घालायची तोच समोर उभा. त्याऐवजी मागणी अशी असावी: मुंबईतली सेवा पात्रतेसाठी धरावी, मार्च २०२५ च्या बैठकीच्या स्थितीनुसार समितीने माझ्या नावाचा पुनर्विचार करावा, आणि योग्य ठरल्यास माझ्या लगतच्या कनिष्ठाच्या तारखेपासून मानीव दिनांक (त्या तारखेलाच पदोन्नती झाली असं धरणं) द्यावा. तो लगतचा कनिष्ठ म्हणजे ठाण्याचा सहकारी असेल तर तेवढ्या एकाला प्रतिवादी करा, कारण मानीव दिनांकाने त्याचा क्रम हलू शकतो आणि त्याला ऐकून घेतल्याशिवाय तो हलवता येत नाही. बाकी प्रतिवादी म्हणजे गृह विभागामार्फत शासन, पोलीस महासंचालक, नाशिक परिक्षेत्राचे विशेष पोलीस महानिरीक्षक आणि जळगावचे पोलीस अधीक्षक.

स्थगिती मिळेल का? बहुधा नाही, आणि त्यासाठी हट्ट धरू नये. 'यापुढील पदोन्नती या अर्जाच्या निर्णयाच्या अधीन राहतील' एवढं मिळालं तरी पुरे, किंवा एक पद रिक्त ठेवण्याची विनंती करा. जिंकलात तरी फरकाची रक्कम मिळेलच असं नाही. मानीव दिनांकासोबत काल्पनिक (फक्त कागदोपत्री) वेतननिश्चिती आणि प्रत्यक्ष लाभ रुजू झाल्यापासून, असा आदेश जास्त दिसतो. पण तुमची चूक नसताना तुम्हाला कामापासून दूर ठेवलं हे शेऱ्यावरून सिद्ध झालं, तर जानकीरामनच्या आधारे थकबाकी मागायला जागा आहे. मागणीत ती लिहून ठेवा, न मागितलेलं मिळत नाही.

मॅटच्या आधी एक काम मात्र जरूर करा. पाचवं अभिवेदन मुदत वाढवत नाही हे खरं, पण नेमकं असेल तर कधी कधी तिथेच काम होतं. एक पान पुरे: भरतीची तारीख, बदली आदेशाचा क्रमांक, एकूण सेवा किती, नियमात किती लागते, पोन्नप्पन निकालाचा एका ओळीत उल्लेख, आणि 'पुढील समितीपूर्वी निर्णय व्हावा' ही विनंती. भावना, घरची परिस्थिती, इतरांची नावं काहीही नको. प्रभारी अधिकाऱ्यांमार्फत द्या, आवक क्रमांक घ्या, आगाऊ प्रत अधीक्षक कार्यालयाला. समोरच्या कार्यालय अधीक्षकाला आपली चूक इतर कुणाचा क्रम न हलवता सुधारता येतेय असं दिसलं, तर तो पुढच्या बैठकीत नाव घालतो. चार पानी तक्रार बघितली की तीच फाईल 'अभिप्रायार्थ' वर जाते आणि तिथेच राहते.

बदली आदेशाचं अटींचं पान आणि माहिती अधिकारातून आलेला तक्ता हातात आला की, नावं झाकून, इथेच टाका. शेरा कोणता आहे ते बघूनच पुढचं बोलता येईल.